रसाळ वनस्पती : खाण्याजोग्या कोणत्या, टाळण्याजोग्या कोणत्या

पावसाच्या पहिल्या सरी पडून आठ-दहा दिवस लोटले म्हणजे खेड, मावळ व हवेली या तालुक्यांतील शेतांत आणि बांधांवर घोळ दिसूं लागते. कांद्याच्या वाफ्यांत, विहिरीच्या थारोळ्याजवळ, गोठ्याच्या मागें, जेथें थोडी ओल व थोडें ऊन मिळेल तेथें ती पसरते. तण म्हणून ती शेतकऱ्यास नकोशी वाटते; पण त्याच्याच घरीं ती डाळीबरोबर किंवा ताकांत शिजून पानांत येते. त्याच बांधावर चार पावलांवर शेराचें कुंपण असतें, अंगणांत कोरफड व पानफुटी असते, आणि माळावर फड्या निवडुंग असतो. या सर्वांचीं पानें किंवा कांडीं जाड, गरदार व पाण्यानें भरलेलीं असतात, म्हणून त्यांस रसाळ वनस्पती म्हणतात. यांपैकीं कांहीं अन्न आहेत, कांहीं बेताबेतानें घेण्याचें औषध आहेत, आणि कांहीं निखळ विष आहेत. हा भेद कसा ओळखावा, आणि जी वनस्पति खाण्याजोगी आहे ती देखील पिंपरी-चिंचवड व चाकण या आजच्या कारखानदारीच्या पट्ट्यांत कोठून घ्यावी व कोठून घेऊं नये, याचा विचार आम्हीं या लेखांत केला आहे.

रस सांठतो कशासाठीं

चार महिने पाऊस व आठ महिने उघाड अशा मुलुखांत जगण्यासाठीं या वनस्पतींनीं पाणी अंगांतच सांठविण्याची युक्ति साधली आहे. इतर झाडें दिवसा पानांवरील सूक्ष्म छिद्रें उघडून हवेंतील कर्बवायु घेतात, व त्याच वेळीं त्यांच्या अंगांतील पाणी वाफ होऊन निघून जातें. पुष्कळ रसाळ वनस्पती हीं छिद्रें दिवसा मिटून घेतात व रात्रीं उघडतात. रात्रीं घेतलेला वायु त्या अम्लाच्या रूपानें सांठवितात आणि दिवसा उन्हांत त्याचें अन्न बनवितात. म्हणून अशा वनस्पतीचें पान पहाटे आंबट व दुपारीं बेचव लागतें. ही गोष्ट आपल्याच देशांत प्रथम ध्यानांत आली. ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरींतील वनस्पतिशास्त्रज्ञ बेंजामिन हाइन यांनीं पानफुटीच्या पानाची चव सकाळीं आंबट, दुपारीं नाहींशी व सायंकाळीं कडवट होते असें लिहून कळविलें. तें पत्र लंडनच्या लिनियन सोसायटीनें १८१५ सालीं छापलें. पाण्याचा ताण पडलेल्या घोळींतही हाच प्रकार घडतो. पहाटे खुडलेली घोळ अधिक आंबट असते ती यामुळेंच.

आतां, उघड्या माळावर पाण्याचा असा सांठा करणाऱ्या झाडावर तहानलेल्या जनावरांची धाड पडणार हें उघड आहे. म्हणून यांपैकीं बहुतेकांनीं आपापल्या सांठ्यावर पहारा बसविला आहे. कोणाचा पहारा कांट्यांचा, कोणाचा चिकाचा, तर कोणाचा आंतल्या विषारी द्रव्याचा. कांटा दुरून दिसतो, चीक फांदी मोडतांच दिसतो. तिसरा पहारेकरी डोळ्यांस मुळींच दिसत नाहीं, आणि माणसाची फसगत त्याच्याकडूनच अधिक होते.

नांव एक, कुळें दोन

आपल्या भाषेंत निवडुंग हें एकच नांव दोन अगदीं निराळ्या कुळांस लावलें जातें. चपट्या फड्यांचा फड्या निवडुंग हा मूळचा अमेरिका खंडांतील. त्याची फांदी कापली असतां चिकट, पाण्यासारखा रस निघतो; दूध निघत नाहीं. दुसरा तिधारी निवडुंग. हा आणि कुंपणाचा शेर हे एरंडाच्या कुळांतील असून त्यांस टोंचतांच पांढरा चीक वाहूं लागतो. हा चीक तोंडांत गेल्यास तोंड व घसा भाजतो, पोटांत गेल्यास वांत्या व जुलाब होतात, आणि डोळ्यांत गेल्यास तीव्र दाह होऊन कांहीं काळ दिसेनासें होतें. उपचार न झाल्यास दृष्टि कायमची अधू होऊं शकते. शिजविल्यानें किंवा वाळविल्यानें हा दोष जाईल असा भरंवसा धरूं नये. शेराचें कुंपण छाटतांना डोळ्यांवर चष्मा व हातांत मोजे असावे, छाटलेल्या फांद्या विहिरींत किंवा तळ्यांत पडूं देऊं नयेत, आणि जवळपास लहान मुलांस फिरकूं देऊं नये.

दिसण्यावरून ओळख धरल्यानें मोठमोठ्यांचीही फसगत झाली आहे. लाल रंग देणारा कोचिनील किडा फड्या निवडुंगावर पोसतां येईल या आशेनें १७९५ सालीं ब्राझीलहून एक किडा हिंदुस्थानांत आणला गेला. तो दुसऱ्याच जातीचा निघाला. मनाजोगा रंग त्यानें दिला नाहीं, मात्र निवडुंगाची एक जात त्यानें खाऊन टाकली. दुसरी जात पुढें दक्षिणेंत शेतें व गायरानें व्यापीत गेली. तिच्यावर १९२६ सालीं श्रीलंकेहून आणखी एक किडा आणून सोडला, तेव्हां ती आटोक्यांत आली. किडा काय किंवा झाड काय, जातीची खात्री केल्यावांचून पुढें जाऊं नये हा धडा त्यांतून घेण्याजोगा आहे.

फड्या निवडुंगाचें पिकलें जांभळें बोंड खाण्याजोगें असतें. त्यावर मोठ्या कांट्यांशिवाय अतिबारीक कुसळांचे झुबके असतात. तीं जिभेंत व घशांत रुतलीं म्हणजे दिवस दिवस काढतां येत नाहींत. बोंड चिमट्यानें धरून विस्तवावर फिरवावें, ओल्या जाड फडक्यानें घासावें, सोलावें, आणि मगच गर खावा. बिया कठीण व पुष्कळ असल्यामुळें एका वेळीं फार बोंडें खाल्लीं तर शौचास खडा धरतो. रस गाळून घेणें बरें. अलीकडे पुणें, सोलापूर व सांगली या जिल्ह्यांत लागवड झालेलें ड्रॅगन फळ याच कुळांतील असून बारामतीनजीक माळेगांव येथील राष्ट्रीय अजैविक ताण व्यवस्थापन संस्थेनें त्यावर काम केलें आहे. त्याची साल काढली कीं फळ निर्धोक आहे. लाल गराचें फळ खाल्ल्यावर लघवीस लाली येते. ती रंगाची असते, रक्ताची नव्हे.

चिकाची परीक्षा व तिची मर्यादा

यावरून एक सोपी परीक्षा हातीं येते. अनोळखी रसाळ वनस्पतीचा शेंडा मोडावा. पांढरा चीक आला तर ती खाण्याचा विचार सोडून द्यावा. परंतु ही परीक्षा एकाच बाजूनें चालते. चीक निघाला तर वनस्पति टाकावी हें खरें. चीक निघाला नाहीं म्हणून ती खावी हें खोटें. पानफुटीस कांटा नाहीं व चीकही नाहीं; तिचीं पानें गुळगुळीत व रसरशीत असतात. तरी तिच्यांत हृदयाच्या ठोक्यांवर परिणाम करणारीं द्रव्यें आहेत, आणि फुलांत त्यांचें प्रमाण अधिक असतें. ऑस्ट्रेलियांतील न्यू साउथ वेल्स प्रांतांत मोरी गांवानजीक १९९७ सालीं तिच्याच कुळांतील एक रसाळ वनस्पति खाऊन १२५ गुरें मेलीं. मूतखड्यावर उपाय म्हणून पानफुटीचीं पानें रोज चावून खाण्याची चाल आपल्याकडे पुष्कळ घरांत आहे. ज्यांस हृदयविकार आहे किंवा त्यावरील औषध चालूं आहे त्यांनीं हा प्रयोग करूं नये. इतरांनींही वैद्य किंवा डॉक्टर यांच्या सल्ल्यावांचून करूं नये. आणि मुलांस तर तें पान देऊंच नये.

शहरांतील रोपवाटिकांतून आलेलीं शोभेचीं झाडें आतां गांवच्या घरांपुढेंही दिसतात. त्यांपैकीं फुगीर खोडाचें व गुलाबी फुलांचें अडेनियम हें कण्हेरीच्या कुळांतील आहे. आफ्रिकेंत त्याच्या रसानें बाण विषारी करीत. कुंडींतलें झाड शोभेचें म्हणून निर्दोष असेल असें मानूं नये.

घोळ व तिचे सोबती

खाण्याच्या रसाळ भाज्यांत घोळ ही अग्रगण्य होय. तिचें देंठ गुळगुळीत व तांबूस, पान चमच्याच्या आकाराचें, जाड व बिनलवीचें, फूल पिवळें व सकाळच्या उन्हांत उमलणारें असतें. बोंडाचें वरचें टोपण डबीच्या झांकणासारखें सुटतें व आंत बारीक काळें बीं असतें. देंठ मोडल्यास निघणारा रस पाण्यासारखा असतो. बारीक पानांची चिवळ ही हिचीच बहीण. तिचीही भाजी होते.

घोळीच्याच वाफ्यांत दोन सोबती उगवतात. पहिली नायटी. ही जमिनीलगत पसरते, देंठ तांबूस असतें, पानें लहान असतात. परंतु तीं पातळ असतात व देंठ मोडतांच पांढरा चीक येतो. खुरपणीच्या ढिगांतून भाजी उचलली तर ही सहज मिसळते. म्हणून घोळ मुठीनें उपटूं नये, एक एक शेंडा खुडावा. दुसरा विषखापरा, ज्यास पांढरी घेटुळीही म्हणतात. याच्या जोडींतील एक पान मोठें व एक लहान असतें, पानाच्या बुडाशीं पातळ पापुद्रा असतो, आणि फूल पिवळें नसून पांढरें किंवा फिकट गुलाबी असतें. कोंवळेपणीं लोक त्याची भाजी करतात, परंतु जून झालेला पाला पोटास बाधतो. तेव्हां फूल पाहिल्यावांचून किंवा पानांची जोडी तपासल्यावांचून भाजी घेऊं नये.

घोळींत ऑक्झॅलिक अम्ल पुष्कळ असतें. हें अम्ल पोटांतून रक्तांत गेलें म्हणजे शरीरांतील कॅल्शियमशीं मिळून त्याचे खडे मूत्रपिंडांत धरूं शकतात. आपल्या बायकांनीं पिढ्यान्पिढ्या चालविलेली ताकांतली घोळ या दृष्टीनें फार शहाणपणाची आहे. दह्याताकांतील कॅल्शियम त्या अम्लास पोटांतच बांधून टाकतें, आणि तें रक्तांत न शिरतां मळावाटे निघून जातें. भाजी उकळून तें पाणी टाकून दिल्यासही बरेंच अम्ल कमी होतें. निरोगी माणसानें आठवड्यांतून एक-दोन वेळां अशी घोळ खाण्यास हरकत नाहीं. ज्यांस मूतखडा झालेला आहे किंवा मूत्रपिंडाचा विकार आहे त्यांनीं ती टाळावी.

माळावर वाढणारें माकडशिंग हेंही खाण्याजोगें आहे. त्याचीं चौधारी कोंवळीं कांडीं मीठ लावून खातात. मात्र तें विरळ होत चाललें आहे. मुळासकट उपटूं नये. कांडवेलीचीं कोंवळीं कांडीं घशास खाजवितात, म्हणून तीं चिंच किंवा ताक घालून नीट शिजविल्याशिवाय घेऊं नयेत.

कोरफड

कोरफडीच्या पानांत दोन वेगळे पदार्थ आहेत हें पुष्कळांस ठाऊक नसतें. सालीच्या लगत पिवळा, कडू रस असतो व मध्यें पारदर्शक गर असतो. पिवळा रस जबर रेचक आहे. कोरफडीचीं रेचकें डॉक्टरांच्या चिठ्ठीवांचून विकण्यास अमेरिकेच्या औषध खात्यानें २००२ सालीं मनाई केली, कारण त्यांच्या निर्धोकपणाचा पुरावा पुढें आला नाहीं. गराची भाजी करावयाची असल्यास पान बुडाशीं कापून अर्धा तास उभें ठेवावें व पिवळा रस निथळूं द्यावा. मग साल जाडसर काढावी, गर दोन-तीन पाण्यांत धुवावा व शिजवावा. गरोदर स्त्रिया, लहान मुलें व मूत्रपिंडाचे रोगी यांस तो देऊं नये. घायपात ही कोरफडीसारखी दिसते, परंतु तिच्या पानाच्या टोंकाशीं दाभणासारखा कांटा असतो व आंत गराऐवजीं वाख भरलेला असतो. तिचा रस अंगास लागला तरी आग होते. तिला खाण्यांत स्थान नाहीं.

गुरांविषयीं

दख्खनच्या दुष्काळांत फड्या निवडुंगाचे कांटे जाळून तो गुरांस चारीत असत. आतां बिनकांटेरी जात उपलब्ध असून उरुळीकांचनच्या बायफ संस्थेनें तिचा चाऱ्यासाठीं प्रसार चालविला आहे. यांत पाणी फार व सत्त्व थोडें असल्यामुळें तो कडब्याबरोबर द्यावा. नुसता दिल्यास जनावर हगवतें. घोळीविषयीं अधिक जपावें. भुकेल्या शेळ्या-मेंढ्या घोळीनें भरलेल्या रानांत एकदम सोडल्या तर त्यांच्या रक्तांतील कॅल्शियम कमी होऊन थरथर सुटते, जनावर खालीं बसतें व दगावतें. आधीं कोरडा चारा द्यावा, आणि घोळीची संवय हळूहळू लावावी. जनावराच्या पोटांतील जंतूंस हें अम्ल पचविण्याची शक्ति येण्यास कांहीं दिवस लागतात.

जागेची परीक्षा

येथवर जें सांगितलें तें वनस्पतीच्या जातीविषयीं झालें. आमच्या आजोबांच्या काळीं तेवढें पुरेसें होतें. पिंपरीस १९५४ सालीं हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना निघाला, १९६२ सालीं महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झालें, आणि पुढें भोसरीपासून चाकण, म्हाळुंगे, निघोजेपर्यंत कारखान्यांच्या वसाहती उभ्या राहिल्या. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या २०१८ सालच्या यादींत प्रदूषित म्हणून पवना व इंद्रायणी या दोन्ही नद्यांचीं नांवें आहेत. अशा मुलुखांत भाजी ओळखण्याइतकेंच तिची जागा ओळखणें महत्त्वाचें झालें आहे.

याचें कारण घोळीच्या स्वभावांत आहे. जमिनींत क्रोमियम, कॅडमियम, शिसें यांसारखे धातु असले तर घोळ ते मुळांवाटे ओढून घेते. ही शक्ति इतकी चांगली आहे कीं, दूषित जमीन साफ करण्याकरितां घोळ लावण्याचे प्रयोग शास्त्रज्ञांनीं केले आहेत. धातूवर मुलामा देण्याच्या कामांत क्रोमियम व निकेल लागतें. जुन्या बॅटऱ्यांत शिसें असतें. अशा कामांचें किंवा भंगाराच्या वखारींचें पाणी ज्या नाल्यांत उतरतें त्याच्या कांठची घोळ दिसण्यांत सर्वांत टवटवीत असते. ओल तेथें बारमाही असते ना! पानावरची धूळ धुतल्यानें जाईल, पण पेशींत शिरलेला धातु धुऊन, उकळून किंवा ताक घालून जात नाहीं. पुणें-नाशिक रस्त्याच्या कडेसही हाच नियम लावावा. पेट्रोलमध्यें शिसें घालणें २००० सालीं बंद झालें खरें, परंतु जमिनींत उतरलेलें शिसें सहसा हलत नाहीं.

मृदा आरोग्य पत्रिका जवळ आहे म्हणून कोणी निश्चिंत राहूं नये. त्या पत्रिकेंत नत्र, स्फुरद, पालाश, सामू व इतर पोषणद्रव्यें मिळून १२ गोष्टी असतात. क्रोमियम, शिसें व कॅडमियम त्यांत नाहींत. नाल्याच्या किंवा नदीच्या पाण्यावर भाजीपाला करणाऱ्यानें या धातूंकरितां माती व पाणी यांची स्वतंत्र तपासणी मान्यताप्राप्त प्रयोगशाळेंत करून घ्यावी.

दुसरी जागा म्हणजे आपलें स्वतःचेंच कांद्याचें रान. कांद्यांतील तणाकरितां ऑक्सिफ्लोरफेन किंवा पेंडिमेथालिन हीं तणनाशकें वापरून पुढें एक खुरपणी करण्याची पद्धति रूढ आहे. फवारणींतून वांचलेली किंवा मागाहून उगवलेली घोळ त्या खुरपणींत निघते व मजूर बायका ती ओटींत घालून घरीं नेतात. औषधाच्या वेष्टनावर जे थांबण्याचे दिवस लिहिलेले असतात ते कांद्याच्या पिकासाठीं. त्या वाफ्यांतील घोळ खाण्यास योग्य कीं अयोग्य याचें उत्तर त्यांत नसतें. तेव्हां फवारलेल्या रानांतील घोळ कोणीही खाऊं नये, व गुरांसही टाकूं नये.

अपाय झाल्यास

चीक डोळ्यांत गेल्यास ताबडतोब स्वच्छ पाण्यानें पंधरा-वीस मिनिटें डोळा धूत राहावें, चोळूं नये, आणि लगेच नेत्रवैद्याकडे जावें. विषारी वनस्पति पोटांत गेल्यास तोंड धुवावें; वांती मुद्दाम करवूं नये, कारण चीक वर येतांना घसा पुन्हां भाजतो. त्या झाडाची फांदी, शक्य तर फुलासह, पिशवींत घालून बरोबर न्यावी. त्यावरून डॉक्टरांस उपाय ठरवितां येतो. १०८ या क्रमांकावर रुग्णवाहिका मिळते. छातींत धडधड, घेरी किंवा वारंवार वांत्या सुरू झाल्यास सकाळपर्यंत वाट पाहूं नये.

शेवटीं जमीनधारकांस एक विनंति. चाकण-भोसरीच्या आसपास आज जीं बिऱ्हाडें राहतात त्यांत मराठवाडा, विदर्भ, उत्तर प्रदेश, बिहार येथून कामास आलेलीं पुष्कळ आहेत. घोळ त्यांच्या ओळखीची आहे. कोणी तिला कुल्फा म्हणतो, कोणी लोनी. भाजीची ओळख त्यांस आहे, पण कोणता नाला कोठून येतो व कोणत्या वाफ्यावर काय फवारलें आहे, हें त्यांस ठाऊक नसतें. तें फक्त शेताच्या धन्यास ठाऊक असतें, आणि म्हणून सांगण्याची जबाबदारीही त्याचीच. फवारलेल्या रानाची माहिती मजुरांस तोंडानें द्यावी. त्याहून बरें म्हणजे विहिरीच्या स्वच्छ पाण्यावर, नाल्यापासून व रस्त्यापासून दूर असा एक लहानसा वाफा घोळीस राखून ठेवावा. बीं भुरभुरून टाकलें कीं चार-सहा आठवड्यांत खुडणी सुरू होते, खत-औषध कांहीं लागत नाहीं, आणि शेंडे खुडले कीं पुन्हां फुटतात. त्या एका वाफ्यांत धन्याच्या घरची व कामकऱ्यांच्या घरची भाजी भागते, आणि मुलांस नाल्याकांठीं भाजीसाठीं जावें लागत नाहीं.